क्लीव्हलँडची दुसरी खेप

जाड्या टाफ्टचं काम करणाऱ्याला दोन उशा लागतात. एक पुढे, एक मागे.

दाढीचा गोंद थंडीत कडक होतो आणि हसता येत नाही. आमचा लिंकन गंभीर दिसतो तो त्यामुळे.

विल्यम हेन्री हॅरिसन महिनाभरच राष्ट्राध्यक्ष होता. त्याचं काम करणारा मेल डॉब्स चौक ओलांडतो, लोकांना हात करतो आणि सरळ हॉटेलात शिरून चेरी पाई मागवतो. या कामासाठी गावात रांग आहे.

फ्रँकलिन पिअर्स कोण होता, हे आमच्या फ्रँकलिन पिअर्सला विचारू नये.

सध्या पदावर असलेल्याचं काम आम्ही कुणालाच देत नाही. त्याच्या जागी शाळेचा बँड चालतो. त्याच्यावरून भांडणं नकोत; लोकांना वर्षभर एकमेकांकडे वाटीभर साखर मागायला जायचं असतं.

माझ्या भावाच्या गुडघ्यात नोव्हेंबरमध्ये नवी धातूची वाटी बसवली.

२२

हे सगळं एकाच मिरवणुकीचं आहे. राष्ट्राध्यक्ष दिन, म्हणजे फेब्रुवारीतला तिसरा सोमवार, ओहायोतलं आमचं बेकर्स फोर्ड, साल २००४. वॉशिंग्टनपासून सगळे राष्ट्राध्यक्ष ओळीनं मेन स्ट्रीटवरून चालतात. व्यासपीठासमोर आले की ध्वनिक्षेपकावरून नाव पुकारलं जातं, लोक टाळ्या वाजवतात, की पुढचा.

माझा भाऊ व्हर्लिन स्टकी म्हणजे ग्रोव्हर क्लीव्हलँड. बाविसावा. आणि मधली चार वर्षं सोडून चोविसावाही. जाऊन परत आलेला तेव्हा तो एकटाच होता. म्हणून नाव पुकारून झालं की आमच्या क्लीव्हलँडनं ओळ सोडायची, अग्निशमन केंद्राच्या मागच्या गल्लीतून उलट दिशेनं पळत जायचं आणि तेविसाव्याच्या मागे येऊन पुन्हा ओळीत घुसायचं. गाव या पळण्याचीच वाट बघत असतं. पोट सांभाळत, हॅट धरत.

तेविसावा बेंजामिन हॅरिसन. तो बुटका होता, म्हणून ते काम माझ्याकडे. एरवी मी शाळेची बस चालवते.

त्या सकाळी व्हर्लिनच्या स्वयंपाकघरात त्याची मुलगी जोलीन पॅनकेकवर पाक ओतत होती. मिरवणूक समितीची प्रमुख तीच.

"बाबा, पहिली खेप तुझी. दुसरी डॉक्टर फेंक करतील. त्यांनी मिशी आणलीये."

"दातांचा डॉक्टर? त्याच्या अंगावर तर कोट हँगरवर टांगल्यासारखा दिसतो."

"उशी लावतील."

"दुसरी खेप म्हणजेच क्लीव्हलँड, जोलीन. एक खेप काय, त्या बिनकामाच्या बुकॅननलासुद्धा मिळाली." त्यानं काटा खाली ठेवला. "लोकांनी घरी पाठवलं आणि तोच माणूस परत आला. ते काढून घेतलंस तर उरलं काय? एक जाडा माणूस."

जोलीन माझ्याकडे बघायला लागली. मी पॅनकेककडे बघायला लागले.

"ठीक आहे," ती म्हणाली. "पंचविसावा, मॅकिन्ली, व्यासपीठापाशी पोचायच्या आत तू हॅरिसनच्या मागे उभा असलास, तर दोन्ही तुझ्या. नसलास तर डॉक्टर. यंदा आणि पुढेही."

"पुढेही?"

"दर वर्षी मला हा घोर नको, बाबा. आणि आत्या, तुझं भाषण दोन मिनिटं. गेल्या वर्षी मॅकिन्लीला गुडघाभर बर्फात उभं केलं होतंस."

माझं भाषण कशासाठी असतं हे सगळ्यांना माहीत होतं. भावाला पळायला वेळ मिळावा म्हणून.

"बुटके," बाहेर पडताना व्हर्लिन माझ्या कानाशी म्हणाला, "जरा सावकाश बोल."

२३

"बाविसावे राष्ट्राध्यक्ष, ग्रोव्हर क्लीव्हलँड!"

मी त्याच्या मागेच होते. व्हर्लिननं हॅट उंचावली, गिरकी घेतली, गल्लीकडे पहिलं पाऊल टाकलं आणि तिथेच थांबला. गुडघा अडकला होता. चेहरा हसरा, पाय लाकडासारखा ताठ.

पहिल्या रांगेत हॅटी बावर ब्लँकेट पांघरून घडीच्या खुर्चीवर बसली होती. तिनं एकदा त्याच्याकडे पाहिलं आणि उठली.

"बस रे इथं. पडलास तर उचलणार कोण तुला?"

तो बसला. व्यासपीठाच्या अगदी समोर, रस्त्याच्या कडेला.

"तेविसावे राष्ट्राध्यक्ष, बेंजामिन हॅरिसन," जोलीन म्हणाली. तिचा आवाज मध्येच खाली आला, कारण बाप तिला दिसत होता.

मी भाषण सुरू केलं, आणि मधूनमधून डोळ्यांनीच भावाशी बोलत राहिले.

"मित्रहो, माझ्या कारकिर्दीत व्हाइट हाउसमध्ये पहिल्यांदा वीज आली."

(ऊठ.)

"पण शॉक बसेल म्हणून मी आणि माझी बायको बटणाला हात लावत नसू."

(उठवत नाही गं.)

"माझ्या काळात सहा नवी राज्यं संघात आली. नॉर्थ डकोटा."

(निदान गल्लीपर्यंत तरी.)

"साउथ डकोटा."

हॅटीनं त्याला थर्मासमधली कॉफी दिली. वर डोनट.

"मोंटाना. मोंटानाबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं."

"आत्या!" ध्वनिक्षेपकावरून. सगळा मेन स्ट्रीट हसला.

व्यासपीठाच्या मागून डॉक्टर फेंक बाहेर आले. मिशी झकास होती. उशी एका बाजूला सरकली होती. माझ्या मागे, थोड्या अंतरावर, मॅकिन्ली पाय आपटत ऊब आणत होता.

"वॉशिंग्टन. आयडाहो." मी श्वास घेतला. "वायोमिंग."

राज्यं संपली. दोन मिनिटं केव्हाच संपली होती. मी पुढे निघाले. भावाच्या जवळून जाताना त्याच्याकडे बघवेना. एकसष्ट वर्षांची मी, खोट्या दाढीत, माझ्यामुळे तो हरतोय असं वाटलं. एरवी निवडणुकीत क्लीव्हलँडला हरवणाऱ्या हॅरिसनचं काम मी दर वर्षी मजेत केलं होतं.

२४

मी व्यासपीठ ओलांडलं आणि वळून पाहिलं.

माझ्या मागे मोकळी जागा. त्यामागे मॅकिन्ली. आणि त्या मोकळ्या जागेच्या काठावर, ओठांना साखर लागलेला, व्हर्लिन.

डॉक्टर फेंकनी रस्त्यात टाकायला एक पाय उचलला.

"अहो डॉक्टर, कुठं निघालात?" हॅटी म्हणाली. "हॅरिसन गेली ना पुढे? मग आता याचीच पाळी की."

डॉक्टरांचा पाय हवेतच राहिला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, व्हर्लिनकडे पाहिलं, आणि प्रामाणिक माणूस तो, पाय मागे घेतला.

व्हर्लिननं हॅटीच्या खांद्यावर हात टेकला. दात आवळले. उठला. रस्त्यात एक पाऊल टाकलं. एकच पुरलं.

"बाबा, तू पळालाच नाहीस!" ध्वनिक्षेपक चालूच होता.

"क्लीव्हलँड तरी कुठं पळाला होता?" व्हर्लिन ओरडला. "न्यूयॉर्कला जाऊन बसला, वकिली केली आणि हॅरिसन जायची वाट बघितली! मी हॅरिसनच्या मागे आहे का नाही, ते सांग. मॅकिन्ली अजून यायचाय का नाही?"

"यायचाय," मॅकिन्ली म्हणाला. "पण लवकर करा, मला मुतायला लागलीये."

जोलीननं हातातल्या कागदात तोंड लपवलं. खांदे हलत होते. मग तिनं घसा साफ केला.

"चोविसावे राष्ट्राध्यक्ष," ती म्हणाली, "ग्रोव्हर क्लीव्हलँड. पुन्हा."

अशा टाळ्या वॉशिंग्टनलाही मिळाल्या नव्हत्या. व्हर्लिन लंगडत माझ्यापर्यंत आला, आणि उरलेला रस्ता आम्ही हातात हात घालून चाललो. इतिहासात तसं काही घडलं नव्हतं.

"एवढी वर्षं नुसतं बसायचं होतं, बुटके," तो म्हणाला. "आणि हे सगळं गाव मला पळताना बघत बसलं."

"तूही पळतच होतास की."

"तू भाषण देत होतीस ना, म्हणून."

माझ्या भाषणाची आता कुणालाच गरज उरली नव्हती, हे तेव्हा माझ्या ध्यानात आलं. जोलीनच्या ते माझ्या आधीच ध्यानात आलं असावं, कारण संध्याकाळी राजमा-खिम्याची चिली खाताना तिनं भाषण बंद करायचा विषय काढला. मी ऐकू न आल्यासारखं केलं. पुढल्या वर्षी मी वायोमिंगबद्दलही सविस्तर बोलले. व्हर्लिननं खुर्चीत बसून सगळं ऐकलं आणि दुसरा डोनट मागितला.

१९५८ सालच्या पहिल्या मिरवणुकीत क्लीव्हलँडचं काम शाळेतल्या धावण्याच्या प्रशिक्षकानं केलं होतं; पळायची पद्धत तेव्हापासूनची.