उखाचं अळणी सुतक

मानवी देह म्हणजे चालताबोलता समुद्र. त्यातलं मीठ आणि पाणी निसर्गाने अशा काट्यावर तोलून ठेवलंय, की सराफाने लाजावं. सत्याण्णव सालच्या वैशाखात, सुरतेच्या गोडादऱ्यातल्या एका लूमच्या कारखान्यात, कापड विणता विणता, असाच उखा नावाचा एक समुद्र दुपारी दोनच्या सुमारास मशीनशेजारी आडवा झाला.

पडण्याआधी त्याने शेजारच्या मशीनवरच्या भूपेंद्रला ‘मालती’ म्हणून हाक मारली होती. मालती ही उखाची बायको; घरातलं चूल-मीठ तिच्याच हाती. ती फाल्गुनात वारली. भूपेंद्रला मिशा आहेत.

डॉक्टरांनी रक्त तपासलं; त्यातलं मीठ फार उतरलं होतं. उन्हाळा म्हणून उखा दिवसाला बारा लोटे पाणी पीत होता. घाम मीठ घेऊन जाई, लोट्यातून नुसतं पाणी येई. मूत्रपिंडं जादा पाणी इमानाने बाहेर काढत राहिली; नसलेलं मीठ ती तरी कुठून आणणार?

“काका, जेवणात मीठ खाता की नाही?” डॉक्टरांनी विचारलं.

“सुतक आहे,” उखा म्हणाला.

उखाच्या घराण्यात सुतकात अळणी खातात. तेराव्याला भाऊबंद पंगतीला बसतात, थोरला कोणीतरी ‘खा आता’ म्हणतो आणि मीठ सुरू होतं. कारखान्याच्या शेठने गावी जायला सुट्टी दिली होती आठ दिवसांची. नवव्या दिवशी उखा सुरतेच्या गाडीत होता. इथल्या खोलीत ‘खा आता’ म्हणणारं कोणी नव्हतं. कोणी नाही म्हणून उखाही थांबला.

संध्याकाळी भूपेंद्र डाळ-भाताचं ताट आणि मिठाची पुडी घेऊन खोलीवर आला.

“डॉक्टर म्हणतात, पुन्हा पडलात तर उठायचे नाहीत. खा आता.”

“तू धाकटा. तुझं चालत नाही.”

“मग गावाला पत्र टाकतो. उत्तर येईपर्यंत जगा.”

उखाने ताट पुढ्यात ओढलं. भिंतीपलीकडे लूम खडखडत होते.

“मीठ खाल्लं म्हणजे ती गेली, असं होतं रे.”

“काका, ती गेलीच आहे.”

“हो,” उखा म्हणाला. दोन महिन्यांत मिठाचं हे त्याने कोणाला सांगितलं नव्हतं. कोणी विचारलंही नव्हतं.

त्याने पुडी सोडली, मूठभर मीठ घेतलं, डाळीवर हात धरला आणि तसाच थांबला. मग जरा ओशाळून गावच्या बोलीत म्हणाला,

“दायमा कितलं टाकतस, तेवढं सांग ना.”