बिननावाची पाहुणी

मी एक जुनी काचेची पेटी आहे. खरं सांगायचं तर माझ्यात काच नाहीच, जाड पारदर्शक प्लास्टिक आहे. पण 'बाळाला काचेच्या पेटीत ठेवलंय' असंच सगळे म्हणतात आणि मीही कधी कुणाची चूक काढत बसले नाही. मित्रांनो, तुमच्यापैकी कुणी फार घाईघाईने या जगात आलं असेल, तर त्याचे पहिले दिवस माझ्यासारख्याच एखाद्या पेटीत गेले असतील. त्याला ते आठवणार नाहीत. मला आठवतात, पण जरासे धूसर. माझ्या पोटात कायम ऊब असायची, दमट हवा असायची, आणि त्या हवेत जागं काय आणि स्वप्न काय, हे मला कधीच नीट ओळखता आलं नाही.

माझा जन्म कारखान्यातला. पत्रा कापणारे, तारा जोडणारे, पंखा बसवणारे असे पुष्कळ हात माझ्यावरून फिरले. पण माझ्या मनात राहिली ती शेवटच्या टेबलावरची एक बाई. माझ्या कडा घासून गुळगुळीत करणं एवढंच तिचं काम होतं. घासून झालं की ती वाकून आपला गाल माझ्या काठावरून हळूच फिरवी. हाताला खरखर कळत नाही, गालाला कळते, असं ती शेजारणीला सांगत असे. माझ्याशी ती अवाक्षर बोलली नाही, तरी मला पहिलं कोणी जवळ घेतलं असेल तर तिनेच, असं मी आजही मानते.

मग मी एका इस्पितळात आले. वेळेआधी जन्मलेल्या बाळांची ती खोली होती. मला खिडकीच्या कोपऱ्यात उभं केलं आणि माझं नावच 'कोपऱ्यातली' पडलं. त्या खोलीत कोणी मोठ्याने बोलत नसे. नळ्यांमधून हवेची बारीक सळसळ चाले, निळा दिवा पांघरुणावर पडे आणि दुपारी खिडकीतलं ऊन माझ्या झाकणावर येऊन पेंगायला लागे. माझ्या पोटातलं बाळ झोपेत एकदम हसे. त्याने अजून काहीच पाहिलेलं नसे, मग ते कशाला हसतं, याचा मी फार विचार करी. विचार करता करता मलाही डुलकी लागे, आणि मग मी तरंगते आहे, माझ्या चाकांखाली जमीन नाही, फक्त कोमट पाणी आहे, असं मला वाटे.

त्या खोलीची एक रीत होती. नवीन बाळ आलं की सिस्टर मंडळी त्याला टोपणनाव ठेवत. सगळ्यात हलकं बाळ असेल तर तो 'पैलवान'. दूध उशिरा आलं की भुवया चढवणारा तो 'साहेब'. एक 'भोंगा' होता, त्याच्याबद्दल वेगळं सांगायला नको. बाळ घरी निघालं की हे नाव मात्र इथेच ठेवून जायचं, त्याच्या मागे घरी पाठवायचं नाही, असा मोठ्या सिस्टरांचा नियम होता. मोठ्या सिस्टर त्या खोलीत केस पिकेपर्यंत राहिल्या होत्या आणि त्यांचा नियम मोडायची डॉक्टरांचीही टाप नव्हती.

आईबापांनी ठेवलेल्या नावांची तर गंमतच असे. एका बापाने आपली आणि बायकोची अर्धी अर्धी अक्षरं जोडून नाव तयार केलं. सिस्टरांची जीभ अडखळली, म्हणून तो मोठ्या तोऱ्यात म्हणून दाखवायला गेला आणि स्वतःच अडखळला. एका घरी जुळी झाली, तर त्यांची नावं 'आधी' आणि 'नंतर'. मोठी झाल्यावर ती दोघं एकमेकांचा जीव नकोसा करणार, असं झाडलोट करणाऱ्या मावशी म्हणाल्या. मला या नावांचं काही वाटत नसे. नाव कसंही असो, ते उच्चारताना माणसं माझ्या झाकणाशी वाकत आणि त्यांचा श्वास माझ्यावर धुक्यासारखा उमटे, तेवढं मला आवडे.

आणि मग ती आली. तळहातावर मावेल एवढी मुलगी. तिची आई बसस्थानकावर गाड्यांच्या वेळा पुकारायची. आवाज असा खणखणीत की स्थानकाबाहेरच्या दुकानांतही ऐकू जाई म्हणे. आमच्या खोलीत मात्र ती आली की तोंड मिटून बसे. पहिल्याच दिवशी तिने मोठ्या सिस्टरांना एकच विनंती केली, की हिला तुमचं ते टोपणनावसुद्धा ठेवू नका. सिस्टरांनी तिच्याकडे पाहिलं, कारण विचारलं नाही. माझ्यावरच्या चिठ्ठीवर आईचं नाव आणि पुढे 'बाळ' एवढंच राहिलं. सिस्टर तिला दूध पाजताना 'हं', 'ऊं', 'झालं, झालं' असं काहीबाही म्हणत वेळ निभावून नेऊ लागल्या.

तिचा बाप चष्मे करायचा. आला की तो आधी खिशातून आपला मऊ रुमाल काढी, माझं झाकण पुसून लख्ख करी आणि मगच आत पाही. इतकं नीट मला आजवर कोणी पुसलं नव्हतं, त्यामुळे माझा त्याच्यावर लोभ जडला. बायको बाहेर गेली की तो माझ्या बाजूला हात घालायला असलेली गोल खिडकी उघडून आत एखादं नाव कुजबुजे. ती नावं या जगातली वाटतच नसत. 'चांदणचूर'. 'दुपार'. 'अजूनही'. एकदा तर त्याने 'स्वल्पविराम' असं म्हटलं. मावशी मागे फरशी पुसत होत्या, त्या म्हणाल्या, म्हणजे घरात काय ओरडणार, 'स्वल्पविराम, जेवायला ये'? तो ओशाळून हसला आणि दुसऱ्या दिवशी नवीन नाव घेऊन आला. ती सगळी नावं माझ्या उबेत तरंगत राहत. मुलगी त्यांच्यात झोपलेली असे आणि कुठलंही तिच्या अंगाला चिकटत नसे.

हळूहळू मला त्यांची हकीकत कळली. यांना आधी एक मुलगी झाली होती. ती पोटात असतानाच तिचं नाव ठरलं, नातेवाइकांना कळवलं, भिंतीवर रंगवलंसुद्धा. ती जन्मली आणि थोड्याच दिवसांत गेली. नाव मागे उरलं. आईने ती भिंत स्वतः खरवडून काढली आणि ठरवून टाकलं, की पुढचं मूल घराचा उंबरा ओलांडून आत आल्याशिवाय त्याला नाव ठेवायचं नाही. नाव नाही तर जीव अडकणार नाही, असा तिचा हिशेब होता.

एका दुपारी मुलीचा रंग बदलला. तिला जंतुसंसर्ग होऊन ताप चढला होता. ती श्वास घ्यायची विसरू लागली. यंत्र पिपाणीसारखं वाजे, सिस्टर तिच्या तळव्याला टिचकी मारत, की पुन्हा छाती हले. डॉक्टरांनी औषध सुरू केलं आणि आईबापांना आत बोलावून घेतलं. आता औषधाला वेळ द्यायला हवा, काहीही होऊ शकतं, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. मी माझी सगळी ऊब तिच्याभोवती धरून ठेवली. यापलीकडे माझ्या हातात काय होतं?

मोठ्या सिस्टरांनी माझ्या दोन्ही गोल खिडक्या उघडल्या. आईचा एक हात मुलीच्या डोक्यावर आणि एक पायांशी ठेवायला लावला. मग म्हणाल्या, तिच्याशी बोल, तिला तुझा आवाज पोटातून ओळखीचा आहे. आईने तोंड उघडलं. गावभर गाड्या पुकारणारी ती बाई, तिला पहिला शब्दच सापडेना. हाक मारायला नावच तिच्याकडे नव्हतं.

"मी मुद्दामच ठेवलं नाही हो सिस्टर," ती शेवटी म्हणाली. "म्हटलं, बिननावाची गेली तर एवढं लागणार नाही."

मोठ्या सिस्टरांनी औषधाच्या थेंबांचा वेग तपासला.

"अगं, या खोलीतून बिननावाची बाळंही गेली आहेत," त्या म्हणाल्या. "त्यांच्या आयाही तेवढ्याच रडल्या. फक्त रडताना तोंडी घ्यायला त्यांच्याकडे नाव नव्हतं."

मला वाटलं, आता बाप आपल्या नावांची पोतडी उघडणार. तो मात्र रुमाल हातात घेऊन नुसता उभा होता. बायकोने त्याच्याकडे पाहून विचारलं, तू रोज इथे काहीतरी कुजबुजतोस ना, मला माहीत आहे, सांग त्यातलं एखादं.

"त्यातलं नको," तो म्हणाला. "ती नावं मी का शोधत होतो ते तुला सांगितलं नाही. आपल्या पहिलीचं नाव किती घरांत आहे बघ. रस्त्यात कुणी त्या नावाने हाक मारली की माझी मान वळते. दुकानात गिऱ्हाईक समोर असतं आणि माझी मान वळते. म्हणून हिच्यासाठी असं नाव हवं होतं, जे दुसऱ्या कुणाचंच नसेल. म्हणजे ही गेली तर ते मला कुठेच ऐकू येणार नाही."

मला तेव्हा कुठे उमगलं, मित्रांनो. एकीने नावच ठेवलं नव्हतं, एक जण जगावेगळं नाव शोधत होता, आणि दोघंही आतल्या आत एकच तयारी करत होते: मुलगी जाण्याची. ती येण्याची तयारी कोणी केलीच नव्हती. बिचारी एवढीशी मुलगी एवढ्या लांबून आली होती आणि 'ये' म्हणायला दारात कोणी नव्हतं. मला तिची फार दया आली आणि त्या दोघांचीही आली.

"मग ठेवूया साधं," आई म्हणाली. "अगदी साधं. गल्लीगल्लीत असतं तसं. राहिली तर राहिली. नाही तर वळू देत मान, दोघांची वळेल."

तिने वाकून माझ्या खिडकीतून मुलीला हाक मारली. कुजबुजायचं ती विसरूनच गेली. स्थानकावरच्या आवाजात, गाडी सुटायला आली की पुकारतात तशी हाक मारली. खोलीतली सगळी बाळं दचकली, भोंगासुद्धा गप्प झाला. तिथे आवाज चढवायची कोणाची हिंमत नसे, पण त्या दिवशी मोठ्या सिस्टरांनी ओठांवर बोट ठेवलं नाही. बापाने तेच नाव आईच्या मागोमाग म्हटलं. मग त्यांनी पुन्हा म्हटलं, आलटून पालटून, आणि तिला काय काय सांगत बसले. घरी खिडकीत चिमण्या येतात म्हणून सांगितलं, आत्या फार लाडावून ठेवणार आहे म्हणून सांगितलं, श्वास घ्यायला विसरतेस म्हणून लटकं रागावले.

नावाने ताप उतरला, असं मी तुम्हाला सांगणार नाही. ताप औषधाने उतरला, आणि तोही रेंगाळत उतरला. नावाने झालं ते एवढंच, की त्या वेळात ती मुलगी एकटी पडली नाही. ती गेली असती तरी कुणाची तरी कुणीतरी म्हणून गेली असती. पण ती गेली नाही. तिचा रंग हळूहळू परतला, एके दिवशी तिने माझ्या गोल खिडकीकडे मान वळवून जांभई दिली आणि मोठ्या सिस्टरांनी चिठ्ठीवरचं 'बाळ' खोडून तिथे तिचं नाव लिहिलं.

ते नाव मी मुद्दाम सांगत नाही. तुमच्या वर्गात त्या नावाच्या एक-दोघी तरी असतीलच, आणि त्यातली प्रत्येक जण तीच आहे असं तुम्ही समजलात तर मला आवडेल.

पुढे नवी यंत्रं आली. त्यांच्यावर रंगीत आकडे दिसतात, ती स्वतःच बोलतात म्हणे. माझं चाक कुरकुरू लागलं, झाकण पिवळं पडलं आणि मला तळघराच्या खोलीत नेऊन ठेवलं. इथे मोडक्या खुर्च्या आहेत, सलाईनच्या वाकड्या दांड्या आहेत आणि भरपूर धूळ आहे. वाईट वाटलं का? वाटलं, खोटं कशाला बोलू? पण आता माझ्या पोटात गार आणि रिकामं असलं, तरी डोळा लागला की ती ऊब परत येते, मी पुन्हा कोमट पाण्यावर तरंगते आणि आत कोणीतरी झोपेत हसतं.

जुन्या वस्तूंना जपा, असं सांगून मी तुम्हाला कंटाळा आणणार नाही. माझं मागणं वेगळं आहे. तुमच्या घरी, तुमच्या गल्लीत, तुमच्या बाकावर कधी कोणी नवीन येईल. ते फार दिवस टिकेल असं वाटणार नाही. कदाचित ते आजारी असेल, कदाचित त्याच्या वडिलांची पुन्हा बदली होणार असेल, कदाचित ते रस्त्यावरचं लंगडं पिल्लू असेल. तुम्हाला वाटेल, उगाच जीव कशाला लावा, आधी राहतंय का ते पाहू. मित्रांनो, तेवढं थांबू नका. ते आलं आहे ना? मग त्याला नावाने हाक मारा, आणि चांगली मोठ्याने मारा.