शेवटच्या पानावरचा खुनी

सासऱ्यांनी हयातीत दीडशेच्या वर खून केले, सगळे कागदावर. महिन्याला एक रहस्यकथा, रतीब घातल्यासारखी. तेव्हा वाचनालयात लोक त्यांच्या पुस्तकांवर तुटून पडत, आता नाव सांगितलं की विचारतात, "कोण? ते होमिओपॅथीवाले?"

त्यामुळे एका तरुण प्रकाशकाने त्यांची एक कादंबरी पुन्हा छापायचं ठरवलं, तेव्हा सुनेला आभाळ ठेंगणं झालं. सासूबाई नुसतंच "बघा बाई" म्हणाल्या. पण त्या दिवसापासून फोन वाजला की गुडघे विसरून आधी त्याच उठू लागल्या.

घोडं अडलं शेवटच्या पानाशी. उरलेली एकुलती एक प्रत वाचनालयातली, आणि खुन्याचं पानच कुणीतरी फाडलेलं. पुढच्या वाचकावर सूड उगवायची ती तेव्हाची सर्वमान्य रीत होती.

"खुनी मिळाला तर पुस्तक, नाहीतर राहिलं," प्रकाशकाने कळवलं.

सुनेने कादंबरी दोनदा वाचली. डॉक्टर, पुतण्या, स्वयंपाकीण, वकील: संशय सगळ्यांवर सारखाच. शेवटी ती भाजी चिरत बसलेल्या सासूबाईंकडे गेली.

"आई, बाबा खुनी कसा ठरवायचे हो?"

"ते कुठले ठरवताहेत! शेवटचं प्रकरण आलं की स्वयंपाकघराच्या दारात उभे. 'अगं, कुणी केला असेल?' मग त्या दिवशी माझं ज्याच्याशी वाजलं असेल, त्याला मी लटकवायची."

"म्हणजे ते सगळे खुनी…"

"तुझ्या आत्तेसासूबाईच सातदा फासावर गेल्यात. हे पुस्तक कुठल्या सालचं?"

सुनेने साल सांगितलं. सासूबाईंची सुरी थांबली.

"म्हणजे जुनं घर. वरच्या मजल्यावरचे वकील धुणं न पिळताच वाळत घालायचे. खाली माझ्या कोरड्या चादरी! वकीलच."

"अहो, वकील नव्वदाव्या पानावर मरतो!"

"मेला म्हणून सुटतो होय? जुळा भाऊ घाल. हे अडले की तेच करायचे."

सुनेने पान लिहून पाठवलं. तासाभरात प्रकाशकाचा फोन.

"काय शेवट आहे हो! अगदी त्यांचाच हात. पान सापडलं कुठे?"

सून खरं काय ते सांगणार, एवढ्यात सासूबाईंनी तिचा दंड धरला.

"नाव ह्यांचंच टाकायला सांग, चांगलं ठसठशीत," त्या कुजबुजल्या. "माझं कुठे नको. वकिलांची बायको अजून वाचते."