दीड पानाचा संवाद

तीस वर्षं त्यांनी राजाच्या डाव्या हाताला उभं राहून काढली. ऐतिहासिक मालिका निघाली की प्रधान नाहीतर किल्लेदार म्हणून यांनाच बोलावणं यायचं, आणि वाक्यं मोजकी. "जशी आज्ञा." "शत्रू वेशीपाशी आलाय, महाराज." गल्लीतही सगळे प्रधानजीच म्हणायचे. त्यामुळे परवा त्यांनी दीड पानाचा संवाद घरी दाखवला तेव्हा सूनबाई हरखली आणि बायकोने कपाळाला हात लावला.

"एवढं बोलायला दिलंय म्हणजे मारणार तुम्हाला," ती म्हणाली.

"अगं, काम आवडलं असेल त्यांना."

"मागच्या मालिकेत पाऊण पान आलं, दुसऱ्या दिवशी विष. त्याआधी अर्धं पान, लगेच तटावरून खाली. शाळा चौथीत सोडली म्हणून काय झालं, पानं मोजता येतात मला. कपडेवाल्याने मापं घेतली?"

"घेतली. पांढरा अंगरखा शिवतोय."

"घ्या. पांढऱ्यावर लाल कसं उठून दिसतं."

प्रधानजी चष्मा पुसत बसले. एरवी या माणसाचा चष्मा तीच पुसायची. कुठेतरी पाणी मुरत होतं.

ही मालिका गेली तर या वयात दुसरी कोण देणार? दिवसभर टीव्हीसमोर बसून दुसऱ्यांच्या मिशा कशा सुटल्यात ते सांगणारा नवरा तिला नको होता. चित्रीकरणाच्या दिवशी ती सोबत गेली आणि मालिकेच्या तिशीतल्या लेखकाला तिने कोपऱ्यात गाठलं.

"का हो, माझ्या माणसाने तुमचं काय घोडं मारलंय?"

लेखक गडबडला. "काकू, मी कशाला मारू? काकांनीच मागितलं. रोज नवी वाक्यं डोक्यात राहत नाहीत म्हणाले. एकच मोठा प्रसंग लिही, महिनाभर आधी दे, तेवढा नीट करतो आणि जातो."

"थापा मारू नका," ती म्हणाली खरी, पण आवाजात जोर नव्हता. कागद घरी दाखवण्याआधी महिनाभर ते न्हाणीघरात पुटपुटत होते. ती समजत होती, फोनवर कुणीतरी आहे. ती बया कोण, याचाही तिने शोध चालवला होता.

चित्रीकरण सुरू झालं. राजाच्या मांडीवर डोकं ठेवून प्रधान बोलायला लागले. पान सरसर गेलं. मग एका जागी थांबले. ओठ अर्धवट उघडे, नजर राजावर. कुणी हललं नाही. मग पुढचं वाक्य आलं, त्याच्या पुढचं आलं, आणि मान कलली.

दिग्दर्शक डोळे पुसत आला. "काका, काय थांबलात! असं थांबणं आता कुणाला जमतं?" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

परतताना गाडीत तिने विचारलं, "मधे थांबलात, ते कागदावर होतं का?"

"मी कुठे थांबलो?" ते म्हणाले.

तिने त्यांचा चेहरा निरखून पाहिला. नट होता मेला, काही कळायला मार्ग नव्हता.