तळहातावरचा फोटो

फोटोवाल्यांनी आयुष्यभर लोकांना एकच गोष्ट सांगितली होती : जरा जवळ या.

त्यांच्या स्टुडिओत सगळं जग भिंतीपासून आठ फुटांवर संपत असे, आणि तेवढ्यात नवरा, बायको, पोरंबाळं, दोन्हीकडचे आजी-आजोबा आणि एखादा रुसलेला जावई, इतक्या सगळ्यांना मावावं लागे. "जरा जवळ या. आणखी. अहो, भांडण घरी गेल्यावर पुढे चालू करा, आत्ता खांद्याला खांदा लागू दे." या एका वाक्याच्या जोरावर एकमेकांचं तोंड न बघणारी भावंडंही त्यांच्या काचेच्या कपाटात गळ्यात गळा घालून उभी होती. गल्लीतले लोक त्यांना मागून 'जवळ-या काका' म्हणत. तोंडावर कोणी म्हणत नसे, कारण तोंडाचे फोटो शेवटी त्यांच्याच हातात होते.

अशा माणसाने, जिथे आठशे मैलांवरही भिंत सापडणार नाही अशा मिठाच्या मैदानाच्या सहलीला जावं, यात काहीतरी काळंबेरं असणार, हे कुणाच्याही लक्षात यायला हवं होतं. आलं नाही. सगळ्यांनी उलट त्यांचं कौतुक केलं.

मिठाच्या मैदानाचं वेड त्यांच्या मुलाचं. औषधाच्या दुकानातून मिळालेल्या कॅलेंडरवर त्याने ते पाहिलं होतं. क्षितिजापर्यंत नुसतं पांढरं, वर निळं, मध्ये काही नाही. "तिथे अंतर कळत नाही, बाबा," तो सांगायचा. "हिला लांब उभं करायचं, आपला हात कॅमेऱ्यासमोर धरायचा, आणि फोटोत ही माझ्या तळहातावर!"

"बायकोला तळहातावर घ्यायला एवढ्या लांब कशाला जातोस? इथे ये, मी पांढरा पडदा लावतो."

मुलगा एका साध्या तापाने गेला. डॉक्टरही 'साधा ताप' असंच म्हणत होते, शेवटपर्यंत. मग स्टुडिओच्या वरच्या दोन खोल्यांत सासरे आणि सून राहिले. सून इस्पितळात एक्स-रे काढायची. "घरात दोन फोटोवाले," फोटोवाले गिऱ्हाइकांना सांगत, "मी बाहेरून काढतो, ती आतून." सकाळी ती चहा ठेवायची, संध्याकाळी ते कुकर लावायचे, आणि जेवताना रेडिओ बोलायचा. दोघांनाही वाटायचं की आपण दुसऱ्याला सांभाळतोय. असं वाटत असलं की घर बरं चालतं.

मग एके दिवशी सुनेच्या मावशीचा फोन आला, तो नेमका सून कामावर असताना. मावशी गोड बोलणारी आणि मुद्द्याचं बोलणारी, म्हणजे फार धोकादायक बाई. इस्पितळातल्या एका हाडांच्या डॉक्टरने सुनेला मागणी घातली होती. बायको वारलेला, सरळ माणूस. आता त्याची बदली समुद्रापलीकडे झाली होती. "तो आवडतो हो तिला, मला कळतं ना. पण तुम्हाला एकटं टाकून ती जायची नाही. तुम्हीच जा म्हणायला हवं. तुमच्याशिवाय तिला ते कोण म्हणणार?"

"खरंय," फोटोवाले म्हणाले. "म्हणतो. पण आधी जरा मिठाच्या मैदानावर जाऊन येतो. मुलाचं राहिलंय."

हे त्यांनी कधी ठरवलं, हे त्यांनाही ठाऊक नव्हतं. फोन ठेवेपर्यंत मात्र ठरलेलं होतं. मुलाचं मैदान पाहिल्यावर मुलाची आठवण येईल, आठवण आल्यावर समुद्र ओलांडावासा वाटणार नाही, असा तो साधा हिशोब. माणूस दुःखात असला की लबाडी त्याला श्रद्धेसारखी दिसते.

जीपमध्ये ते सहा जण, शिवाय चालक आणि गाईड बाई. मागच्या बाकावर एक नवं जोडपं, ज्यांना जवळ या असं सांगायची गरज नव्हती. मधल्या बाकावर निवृत्त विमा अधिकारी आणि त्यांची पत्नी. विमावाल्यांना प्रत्येक वळणावर दरी दिसे आणि प्रत्येक दरीत जीप दिसे. "या रस्त्यावर मी कुणाची पॉलिसी काढली नसती," असं ते अधूनमधून सांगत, आणि चालक अभिमानाने मान डोलवी.

रस्ता चढत गेला तशी हवा विरळ झाली. खिंडीत जीप थांबली तेव्हा सून हळूच म्हणाली, "बाबा, श्वास रोखून बसलायत. सोडा."

"मी कुठे रोखलाय?"

"दिवसभर माणसांना श्वास रोखायला लावते मी. मला कळतं."

फोटोवाल्यांनी श्वास सोडला. त्या खिंडीत तो त्यांना ढगासारखा समोर दिसला, आणि कॅमेरा काढेपर्यंत गेला.

"बाबा, मला तुमच्याशी जरा बोलायचंय," ती म्हणाली.

"गाडीत बोलू."

गाडीत ते म्हणाले, "आवाज फार आहे, थांबल्यावर बोलू." थांबल्यावर ते म्हणाले, "थंडी आहे, आत जाऊन बोलू." अशा रीतीने त्यांनी दोन डोंगररांगा आणि एक वाळवंट पार केलं.

मुक्काम मैदानाच्या काठावरच्या एका घरात होता. ते घर मिठाच्या विटांचं. भिंती मिठाच्या, टेबल मिठाचं, पलंगाचा ओटाही मिठाचा. दारावर पाटी होती : 'भिंती चाटू नयेत.' ती पाटी वाचेपर्यंत कुणाच्याही मनात तसं आलं नसतं. विमावाल्यांच्या पत्नीने सगळ्यांची पाठ वळल्यावर चाटून पाहिली आणि म्हणाली, "खारट आहे." मग सूप आलं. त्यात मात्र मीठ कमी होतं.

"मुलगी का हो तुमची?" तिने फोटोवाल्यांना विचारलं. सून कोट आणायला खोलीत गेली होती.

"सून."

"अगंबाई! आणि मुलगा नाही आला?"

फोटोवाले सूपकडे बघत राहिले. विमावाल्यांनी टेबलाखालून पाय मारला, तो चुकून नव्या नवऱ्याला लागला.

"तळहाताच्या फोडासारखी जपता हो तिला," ती घाईघाईने म्हणाली. "बघतेय ना मी, नजर हलत नाही तुमची तिच्यावरून."

फोड दुखतो तो तळहाताला, हे बोलताना कुणाच्या लक्षात येत नाही. फोडाला काय वाटतं, हे तर कोणी विचारतच नाही.

बाकीचे शेकोटीकडे गेल्यावर सून समोर येऊन बसली. आता गाडीचा आवाज नव्हता, थंडी बाहेर होती, आणि फोटोवाल्यांकडची कारणं संपली होती.

"मावशीने तुम्हाला सांगितलंय, हे मला माहितीये," ती म्हणाली. "मी डॉक्टरांना 'नाही' असं कळवणार आहे, बाबा. परत गेल्यावर. तुम्ही काळजी करू नका."

"मी कुठे काळजी करतोय?"

"बरं. नाही करत."

"तुझी इच्छा," फोटोवाले म्हणाले. हे दोन शब्द त्यांनी अशा स्वरात म्हटले की त्यात तिची इच्छा कुठेही नव्हती. मग त्यांनी आणखी सूप मागून घेतलं. ते जिंकले होते. जिंकल्यावर भूक लागते असं त्यांनी ऐकलं होतं. अर्धं सूप वाटीतच राहिलं.

दुसऱ्या दिवशी ते मैदानावर उतरले, आणि कॅलेंडर खोटं बोललं नव्हतं. पायाखाली मिठाची पपडी कुरकुरत होती. तिच्यावर मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या षट्कोनी रेघा उठलेल्या, त्या जिथवर नजर जाईल तिथवर. एक झाड नाही, एक पक्षी नाही, वास नाही. बोललं की शब्द कुठे आपटून परत येत नव्हता, नुसता निघून जात होता. विमावाल्यांनी दरी शोधून पाहिली. सापडली नाही, तेव्हा ते अस्वस्थ झाले.

गाईड बाईंनी सतरंजी पसरली, पालथ्या पडल्या आणि कामाला लागल्या. इथे येणाऱ्या प्रत्येकाचे हेच फोटो निघतात. नवा नवरा बायकोच्या बुटातून बाहेर डोकावला. विमावाले पत्र्याच्या मगात बुडाले आणि पत्नीने त्यांना चमच्याने ढवळलं. लग्नानंतर पहिल्यांदाच असं मोकळेपणाने ढवळायला मिळतंय, असं ती म्हणाली.

"आता काका. तुम्ही हात पुढे करा, मी काढते."

"मी काढतो," फोटोवाले म्हणाले. गळ्यात मुलाचा कॅमेरा होता. आपला फोटो दुसऱ्याने काढावा, इतका वाईट दिवस अजून आला नव्हता.

ते गुडघ्यावर बसले. उजव्या हातात कॅमेरा, डावा तळहात भिंगापुढे लांब धरलेला. सून थोडं अंतर चालून गेली आणि वळून उभी राहिली. फोटोवाल्यांनी डोळा लावला, आणि चाळीस वर्षांची जीभ आपोआप हलली.

"जरा जवळ ये."

ती जवळ आली.

"आणखी."

ती आणखी आली.

"अहो काका, उलटं!" गाईड बाई ओरडल्या. "जवळ आल्यावर ती तळहातावर कशी मावेल? लांब पाठवा, लांब!"

सगळे हसले. फोटोवाले हसले नाहीत, कारण त्यांचा डोळा अजून कॅमेऱ्याला होता आणि चौकटीत फक्त सुनेचा चेहरा होता. मैदान नाही, आकाश नाही. चेहरा हसत होता. ते हसू फोटोवाल्यांना चांगलं ओळखीचं होतं. स्टुडिओत 'जवळ या' म्हटल्यावर, नको असलेल्या खांद्याला खांदा लावताना, माणसं हेच हसतात. ओठ वर, डोळे होते तिथेच. असली शेकडो हसणी त्यांनी बारीक ब्रशने डोळ्यांपर्यंत ओढून दिली होती. तो त्यांचा धंदाच होता. पण आपल्या घरात हे हसू कधीपासून राहतंय, हे त्यांनी पाहिलं नव्हतं. घरात ते कॅमेरा लावत नसत.

"मागे जा," ते म्हणाले.

ती काही पावलं गेली आणि थांबली. "इथे?"

"मागे."

ती पुन्हा गेली, पुन्हा वळली. दर वेळी थोडं गेलं की ती थांबून त्यांच्याकडे बघत होती. परवानगी मागतात तसं. आवाज पोचेनासा झाल्यावर ती हाताने विचारू लागली : बस? आणि फोटोवाले कॅमेऱ्यामागून मान हलवत होते : नाही. आणखी.

"पुरे काका, बरोबर बसली तळहातावर!" गाईड बाई म्हणाल्या. "घ्या आता, छान आलीये."

खरोखरच ती छान बसली होती. करंगळीएवढी सून, त्यांच्या तळहाताच्या मधोमध. मुलाने सांगितला होता तोच फोटो. तळहात मिटला असता तर मुठीत आली असती.

"मागे जा!" फोटोवाले ओरडले. आवाज फाटला. पोचला की नाही कोण जाणे, पण ती निघाली. आणि या वेळी, कशी कोण जाणे, ती मागे वळून न बघता चालत राहिली. नखाएवढी झाली. तिळाएवढी झाली. मिठाच्या खड्याएवढी झाल्यावर फोटोवाल्यांनी बटण दाबलं. डावा हात इतका थरथरत होता की असा फोटो दुसऱ्या कुणी काढला असता तर त्यांनी त्याला कामावरून काढलं असतं.

तिला परत यायला खूप वेळ लागला. फोटोवाले गुडघ्यांवरच बसून होते. जवळ ये असं त्यांनी म्हटलं नाही, तिची तीच आली, धापा टाकत.

"कुठपर्यंत पाठवलंत मला! कसा आलाय?"

"डॉक्टरांना 'हो' कळव."

ती कॅमेऱ्याकडे झुकली होती, तशीच राहिली. "बाबा, काल तर तुम्ही..."

"काल मी सूपकडे बघत होतो. आज तुझ्याकडे बघितलं."

"आणि तुम्ही?"

"मला कोण नेतंय? स्टुडिओ आहे, गिऱ्हाइकं आहेत. कुकर मला येतो. चहा येत नाही, तो शिकेन."

"तुमच्याने व्हायचं नाही."

"नाही झालं तर वाईट चहा पिईन. लोक पितात."

ती मिठावर बसली आणि रडली. मिठाच्या मैदानावर रडण्याला तसा काही अर्थ नसतो, तिथे त्याने काही भर पडत नाही. विमावाल्यांची पत्नी लांबूनच म्हणाली, "उन्हाने होतं गं तसं, काळा चष्मा घाल." फोटोवाल्यांनी सुनेच्या डोक्यावर हात ठेवला. मग लगेच काढून घेतला.

ती गेली. लग्न साधंच झालं, फोटो फोटोवाल्यांनीच काढले. शेवटच्या फोटोत मावशी म्हणाली, "तुम्हीही या की मध्ये," तर ते म्हणाले, "मग काढणार कोण?" आता तिचा दर रविवारी फोन येतो. चहा जमतो का असं ती विचारते, आणि ते जमतो म्हणतात. "श्वास सोडा, बाबा," ती पलीकडून म्हणते. खोटं तिला श्वासावरून कळत असावं.

मैदानावरचा फोटो त्यांनी मोठा करून दर्शनी कपाटात लावला आहे, गळ्यात गळे घातलेल्या भावंडांच्या शेजारी. मोठा केला तरी तो बिघडलेलाच फोटो. नुसता पांढरा कागद, निळी पट्टी, आणि पुढे पसरलेला एका म्हाताऱ्याचा हलल्यासारखा तळहात. त्यावर कोणी नाही. गल्लीतल्यांना वाटतं, एकटेपणाने काकांचं जरा बिनसलंय.

परवा पासपोर्टच्या फोटोसाठी आलेला एक गृहस्थ बराच वेळ त्या फोटोपुढे उभा राहिला. शेवटी न राहवून त्याने विचारलं, "काय काका, हात बघायचं सुरू केलंत की काय? भविष्य वगैरे?"

"छे हो," फोटोवाले दिवा नीट करत म्हणाले. "सून आहे ती माझी."

"कुठे? मला तर कोणी दिसत नाही."

फोटोवाल्यांनी दिवा सोडला, काचेपाशी आले आणि सवयीने म्हणाले,

"जरा जवळ या. आणखी."