तळ्यातल्या नगरीची परात

आमच्या पांढरवाडीच्या तळ्यात सोन्याचं नगर आहे. म्हणजे होतं. ते खोल गेलं आणि आमच्या घरामुळे गेलं, असं गाव म्हणतं. मी पायल, कडूबाची मुलगी. भोकरदनला लग्नाची भांडी भाड्याने द्यायचं दुकान चालवते. आता हसायचं तर हसून घ्या, कारण गोष्ट ऐकल्यावर माझा धंदा ऐकून सगळेच हसतात.

तर गोष्ट अशी. पूर्वी गावात लग्न निघालं की मुलीचा बाप संध्याकाळी हळदकुंकू आणि सुपारी घेऊन तळ्यावर जायचा आणि किती पंगती उठायच्या आहेत ते पाण्याला सांगायचा. सकाळी काठावर भांडी मांडलेली असायची. पराती, पातेली, तांबे, सगळं सोन्याचं, खालच्या नगरातून आलेलं. लग्न उरकलं की घासूनपुसून काठावर ठेवायचं, ते आपोआप परत जायचं. मग एका लग्नात एका घराने एक परात ठेवून घेतली. तळं मुकं झालं ते झालंच. ते घर कोणतं, हे पांढरवाडीत शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे.

मी लहानपणी आमच्या घराचा कोपरा न् कोपरा धुंडाळला होता. सापडली ती एक जर्मनची, म्हणजे ॲल्युमिनियमची परात, तिलाही ठिगळ. सोन्याची मिळाली असती तर मी आज लोकांची खरकटी पातेली कशाला मोजत बसले असते? मागे तळ्यातला गाळ काढला, तेव्हा अख्खं गाव काठावर जमलं होतं. जेसीबीने खोल उकरून उकरून काय काढलं, तर पाण्याच्या मोटारीचा एक गंजका फूटव्हॉल्व्ह आणि चपलांचे जोड. मला वाटलं, सुटलो आम्ही. नगरच नाही तर चोरी कसली? पण गाव हुशार. ‘बघा, कडूबाच्या घरामुळं किती खोल गेलंय’ म्हणत सगळे घरी गेले.

गावाने आम्हाला वाळीत टाकलं, तोंडावर कुणी चोर म्हटलं, असं काही नाही. उलट लग्नात आमचा मान मोठा. ‘बसा कडूबा, तुम्ही पहिल्या पंगतीला बसा.’ बाबा वाढायला उठले की दोघंतिघं धावत येऊन त्यांना खांद्याला धरून बसवतात. भांड्याला मात्र हात लावू देत नाहीत, आमचा हात लागला की बरकत जाते म्हणे. आमच्याकडे बसतात ते पाहुणे आणि वाढतात ती गावची माणसं. बाबा सत्तरी ओलांडून गेले, जन्म या मातीत गेला, आणि गावात ते अजून पाहुणेच आहेत. एकदा मला म्हणाले, “मेल्यावर खांदा देतील गं सगळे. वाढू देत न्हाईत तेवढं.” हे ऐकून मला रडू यायला हवं होतं. मला आला राग. मी दुकानाच्या पाटीवर मोठ्या अक्षरात ‘कडूबा भांडी भांडार’ लिहून घेतलं. पंचक्रोशीतली लग्नं माझ्या पातेल्यांत शिजतात. पांढरवाडी तेवढी जालन्याहून भांडी मागवते.

यंदा धर्मराजकाकांच्या मुलीचं, साक्षीचं लग्न होतं. धर्मराजकाका गावातलं बडं प्रस्थ. लग्नाच्या दिवशी उजाडता उजाडता त्यांचा फोन आला. जालन्याच्या भांडीवाल्याने एकाच तारखेला दोन लग्नं घेतली होती, टेम्पो दुसरीकडे गेला होता आणि आता तो फोन उचलत नव्हता. आचारी चुली पेटवून बसला होता. पत्रावळ्या कुठेही मिळाल्या असत्या, पण गावजेवणाचं वरण काय पत्रावळीवर शिजवणार?

“पायल, तुही भांडी पाठव बाई. जल्दी पाठव. खर्चा काय व्हईल तो व्हऊ दे.”

“दुकान बाबांच्या नावाचं आहे काका. त्यांना विचारा,” मी म्हटलं. “आणि रिकाम्या हाताने जाऊ नका. हळदकुंकू न्या, सुपारी न्या. तळ्याला विचारायचे तसं विचारा.”

माझा नवरा भारत शेजारी उभा होता, त्याने कपाळाला हात लावला. पण मी बोलले ते बोलले.

काका खरंच गेले. सुपारी घेऊन गेले. मला वाटलं होतं, बाबा जरा ताणून धरतील, आयुष्यभराचं काही तरी बोलून घेतील. कसलं काय! लगेच त्यांचा फोन. “पाठव, पाठव. जल्दी कर. आपल्या साक्षीचं लगीन हाय.” आपल्या म्हणाले! मी भारतसोबत टेम्पो भरला. चांगल्यातली चांगली भांडी घेतली, पितळेची मोठी परातही घेतली. ती मी एरवी कुणाला देत नाही.

मांडवामागे टेम्पो लागला तेव्हा बाबा धुतलेला सदरा घालून आधीच तिथे उभे होते. पोरं भांडी उतरवायला धावली. मी टेम्पोची मागची फळी काढलीच नाही.

“काका, एक अट आहे. आज बाबा वाढणार.”

धर्मराजकाकांनी बाबांकडे पाहिलं, मग मागे पाहिलं. मागे त्यांची आई गिरिजाबाई खुर्चीवर बसली होती. सोन्याच्या नगराची गोष्ट गावात सगळ्यात चांगली सांगतात त्या गिरिजाबाईच. मीही त्यांच्याच मांडीवर बसून ऐकलेली, शेवटचा भाग सोडून. तो त्या माझ्यापुढे सांगत नसत, एवढी माया त्यांना होती.

“न्हाई पायल,” त्या म्हणाल्या. “माह्या नातीचा संसार उभा राहून राह्यलाय. मला भेव वाटतं बाई. कडूबावर माहा राग न्हाई.”

त्यांचा आवाज खरोखर कापत होता. म्हातारीला माझ्या बापाचा अपमान करायचा नव्हता, तिला नातीची काळजी होती, आणि तेच मला जास्त लागलं. भांडायला समोर वाईट माणूस असला की कसं सोपं जातं!

“चल पायल, खाली उतरव,” बाबा म्हणाले. “मी घरी जातो. मला तसं बी बरं न्हाई.”

“बाबा, तुम्ही जागचे हलायचं नाही,” मी म्हटलं. मग गिरिजाबाईंपुढे जाऊन बसले. “आजी, वरण आमच्या पातेल्यात शिजणार. बुंदी आमच्या कढईत तळणार. पुऱ्यांचं पीठ आमच्या परातीत मळणार. मग आमच्या घराचं लागायचं ते काय शिल्लक राहिलं? बाबांचा हात तेवढा राहिला. नसेल चालत तर सांगा, टेम्पो वळवते.”

आचारी मागून ओरडला की वेळ होतोय. वऱ्हाडाची पहिली गाडी वेशीत आल्याचं कुणीतरी सांगितलं. गिरिजाबाईंनी एकदा टेम्पोकडे पाहिलं. मग पदर तोंडाला लावून हसल्या. “लई वांड हाय तुही पोरगी, कडूबा,” म्हणाल्या. आणि मग बाबांनाच, “काय वाढशील? वरण का बुंदी?”

“वरण,” बाबा म्हणाले. जणू उत्तर कधीचं ठरलेलं होतं.

अक्षता पडल्या, पंगती बसल्या आणि बाबांनी वरणाची बादली उचलली. वाढता त्यांना बिलकुल येत नव्हतं. येणार कुठून? ओगराळं शिगोशीग भरायचे, भाताचं तळं करायचे. नको म्हणणाऱ्यालाही “घ्या हो, गावचं लगीन हाय” म्हणून ओतायचे. एका व्याह्याच्या धोतरावर सांडलं, तर व्याही खेकसायच्या आत बाबाच खदखदून हसले. पोरं “कडूबातात्या, इकडं! तात्या, वरण!” अशा हाका मारत होती. पहिली पंगत उठली, दुसरी उठली, बाबा बादली सोडेनात. जेवायला बसा म्हटलं तर म्हणाले, “आधी गाव जेवू दे.” मी पातेल्याआड उभी राहून ढसाढसा रडले. मला रडताना भारतने पहिल्यांदा पाहिलं असेल, तो बिचारा पाण्याचा तांब्या घेऊन नुसता उभा.

ऊन उतरल्यावर भांडी घासून टेम्पोत चढवायला घेतली. परत आलेली भांडी मी स्वतः पाहून घेते, तो धंद्याचा नियमच आहे. पातेली आली, कढया आल्या, बादल्या आल्या. पितळेची परात नव्हती.

मांडव पालथा घातला. चुलीमागे पाहिलं, हौदावर पाहिलं. नाहीच. माझं डोकं सणकलं. अरे, माझ्या घराला पिढ्यान् पिढ्या परातचोर मानता, आणि आज तुमच्यातलाच कुणी माझी परात पळवतो? मांडवातला माईक अजून चालू होता. मी सरळ तिकडे निघाले. एकेकाचं घर उघडून दाखवायला लावणार होते, आणि माझं काय चुकलं असतं सांगा?

बाबांनी मनगट धरलं. “काय करून राह्यली?”

“परात गेली बाबा. पितळेची.”

तेवढ्यात काठी टेकत गिरिजाबाई आल्या, मागे धर्मराजकाका, मागे वाढणारी पोरं. म्हातारीने सहजच विचारलं असेल, पण सगळ्यांच्या माना बाबांकडे वळल्या.

“कडूबा, भांडी भरली का रं? बराबर हायेत ना?”

“बराबर हायेत,” बाबा मोठ्याने म्हणाले. “एक बी कमी न्हाई.”

मी तोंड उघडलं होतं. बाबांनी मनगट सोडलं नाही. गिरिजाबाईंनी मान हलवली आणि साक्षीच्या पाठवणीला गेल्या. बाबा मला टेम्पोपर्यंत घेऊन आले, मग हळूच बोलले.

“तू कोणाचं तरी नाव घेतलं अस्तं. खरं असू दे, खोटं असू दे, नाव पडलं की ते घर गेलं. त्याच्या नातवाला बी मंग कोणी वाढू देणार न्हाई.”

मी गाडीत बसले. भारतने टेम्पो सुरू केला. परातीचं दुःख मला वेशीपर्यंतच झालं, परात दुसरी येते. पुढे सगळी वाट मला एकच वाटत राहिलं: त्या पहिल्या लग्नात, त्या तळ्याच्या काठावर, माझ्या बाबांसारखा एक तरी माणूस उभा असायला हवा होता.