आबांचं गाव माझ्यात नाही

मी एक पेनड्राइव्ह बोलतोय, तोही एका म्हाताऱ्या माणसाच्या सदऱ्याच्या खिशातून. वेळ फार नाही. लखनौच्या चारबाग स्टेशनात फलाटावर गाडी उभी आहे आणि ती सुटायच्या आत कुणीतरी माझं ऐकलं तर उपकार होतील. पण आमचं ऐकतो कोण? आम्हाला खुपसायचं, उपसायचं आणि टेबलावर भिरकावून द्यायचं, एवढंच माणसांना ठाऊक.

माझा जन्म कुठल्या कारखान्यात झाला, देव जाणे. मला समज आली तेव्हा मी एका परिसंवादाच्या कापडी पिशवीत होतो, शेजारी एक न उमटणारं पेन. चांगली कमावती शास्त्रज्ञ मंडळी, पण फुकटची पिशवी मिळाली की कशी जपून घरी आणतात! मला आणलं ते सत्यजितने. मूळचा साताऱ्याकडचा, लखनौत औषधांच्या एका प्रयोगशाळेत नोकरीला. घर जानकीपुरमला. बायको प्रणिता, मुलगी क्षितिजा आणि वडील राजाराम, म्हणजे आपले आबा. आत्ता मी ज्यांच्या खिशात आहे ते.

सुरुवातीला मी सत्यजितची कामं वाहिली. मग त्याला माझ्याहून देखणे, जास्त पोटाचे पेनड्राइव्ह मिळाले आणि मी घरच्या जुन्या कॉम्प्युटरशेजारी, पेनांच्या डब्यात पडून राहिलो. वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू! पण डब्यातून सगळं ऐकू यायचं. आबांचं गावही मी तिथूनच ऐकलं.

आबांना विसरायला होऊ लागलं होतं. चष्मा, गोळ्या एवढ्यावर भागलं असतं तर गोष्ट वेगळी. पण दिवेलागण झाली की त्यांचं चित्त थाऱ्यावर राहायचं नाही. उठायचे, चपला शोधायचे आणि म्हणायचे, "चला, मला घरी जायचंय."

"आबा, हेच घर आहे," प्रणिता म्हणायची.

"ह्ये कुणाचं घर? जांभळेवाडीला जायाचंय मला. यष्टी चुकंल."

आता जांभळेवाडीत यांचं काय उरलंय? घर कधीच विकलं, घेणाऱ्याने पाडलं, तिथे आता दोन मजली बंगला आहे म्हणे. हे आबांना समजावून काही उपयोग नव्हता. समजावलं की ते दाराला धक्के मारायचे. एकदा प्रणिताचा हात पिरगळला त्यांनी. नंतर त्यांनाच रडू फुटलं, पण कशाने ते आठवेना.

उपाय काढला पोरीने. क्षितिजाकडे कॉम्प्युटरवर ठोकळ्यावर ठोकळे रचून घरंदारं उभारायचा एक गेम होता. तिने आबांना शेजारी बसवलं आणि विचारलं, "आबा, बताओ ना, बस से उतरकर सबसे पहले क्या दिखता है?" ती मराठी सगळं समजते, बोलते मात्र हिंदीत.

"आधी गिरण," आबा म्हणाले. "पिठाची. तिच्या म्होरं पार."

"लेफ्ट में या राइट में?"

"डाव्या अंगाला गं! गिरण कुटं उजवीकडं असती व्हय?"

झालं, गाव बसायला लागलं. सुट्टीभर रोज दुपारी दोघांचं हेच. विहीर एकदा चुकीच्या जागी पडली तर आबांनी पोरीला असं झापलं, की जणू तिच्यापायी अख्खं गाव वर्षभर तहानलेलं राहिलं. ओढा, त्याच्यावरचा साकव, चावडी, शेवंताबाईचं कुंपण आणि सगळ्यात शेवटी घर. सोप्यातली उतरंड सुद्धा. क्षितिजाने पडद्यावर एक चित्र ठेवलं, खाली नाव लिहिलं 'आबांचं गाव'. त्यावर टकटक केलं की थेट यष्टीच्या थांब्यावर उतरायचं.

मग दिवेलागणीला आबा चपला शोधू लागले की प्रणिता म्हणायची, "चला आबा, सोडते तुम्हाला." खुर्चीत बसवायची. आबा बाणाची बटणं दाबत गिरणीवरून, पारावरून, साकवावरून चालत घरी जायचे, दार उघडायचे आणि म्हणायचे, "आलो बाबा एकदाचा." मग हात धुऊन जेवायला. प्रणिता स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसायची, तेही मला ऐकू यायचं.

क्षितिजा शिकायला पुण्याला गेली तरी गाव चालू होतं. बिघडत चालला होता तो कॉम्प्युटर. मधेच फुरफुरायचा. साकवावर आबा उभे आणि पडदा गोठलेला, असं होऊ लागलं. आबा घाबरून ओरडायचे, "आरं, मला पल्याड जाऊ द्या!"

म्हणून सत्यजितने नवा लॅपटॉप आणला. चांगला मुलगा आहे तो, हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढचं ऐकून तुम्ही त्याला शिव्या द्याल.

क्षितिजाने फोनवर भलामोठा निरोप पाठवला होता. अमुक फोल्डरमध्ये जा, तिथून तमुक फोल्डर उचल. सत्यजितने दोन ओळी वाचल्या आणि हसला. "अगं, ही मला कॉपी करायला शिकवते! प्रयोगशाळेत दिवसभर दुसरं काय करतो मी? गाव तर इथे समोर दिसतंय." डब्यात हात घालून त्याने मला काढलं. किती दिवसांनी! मी खुशीत होतो.

त्याने ते 'आबांचं गाव' नावाचं चित्र उचललं आणि माझ्यात टाकलं.

टाकल्या टाकल्या मला कळलं, काहीतरी चुकलंय. वजनच नव्हतं हो! एवढी गिरण, ओढा, घर, आणि माझ्या पोटात काहीच आलं नाही? त्या चित्राच्या कोपऱ्यात एक बारका वाकडा बाण होता. गाव त्या कॉम्प्युटरच्या पोटात खोल होतं, आणि हा बाण म्हणजे तिकडे जायची नुसती पाटी. सत्यजितने पाटी उपटून माझ्या हातात दिली होती.

तो काही बेफिकीर माणूस नाही. त्याची शिस्त अशी, की कॉपी केलेलं उघडून बघितल्याशिवाय मूळ प्रतीला हात लावायचा नाही. प्रयोगशाळेत त्याचे विद्यार्थी या शिस्तीने कावतात. त्याने माझ्यातलं चित्र उघडून बघितलं, पण त्याच जुन्या कॉम्प्युटरवर! पाटीने इमानाने बोट दाखवलं, आणि गाव उघडलं. गिरण, पार, सगळं जागच्या जागी. सत्यजितने दोनदा उघडलं, दोनदा बंद केलं.

"हो गया काम," तो प्रणिताला म्हणाला. "तू पण बघ एकदा."

तिनेही बघितलं. मी आत ओरडत होतो, अरे बाबांनो, मी रिकामा आहे! मला नव्या मशीनला लावा आणि मग बघा! माझा दिवा तेवढा लुकलुकला, आणि त्यांना वाटलं सगळं ठीक चाललंय.

दुसरी शिस्त याहून वाईट. प्रयोगशाळेतला कॉम्प्युटर बाहेर द्यायचा तर आधी आतलं सगळं पुसायचं, आणि वरून पुन्हा पुन्हा फालतू आकडे लिहायचे, म्हणजे कुणाला काही उकरून काढता येऊ नये. हा कॉम्प्युटर मलिहाबादच्या एका शाळेला द्यायचा ठरला होता. त्यात कुठले गुप्त कागद होते? एक गाव होतं! पण सवय ती सवय. रात्रभर पुसायला लावून सत्यजित शांत झोपला. मी टेबलावर पडून त्या पंख्याची घरघर ऐकत होतो. ओढा गेला असेल, आता साकव, आता सोपा, असं मनात येत होतं. सकाळी शाळेची गाडी येऊन तो कॉम्प्युटर घेऊन गेली.

कामावर निघताना सत्यजितने मला आबांच्या तळहातावर ठेवलं. "आबा, हे बघा, तुमचं गाव ह्याच्यात आहे. संध्याकाळी नव्या मशीनवर लावू."

आबांनी मला कपाळाला लावलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

संध्याकाळी मला लॅपटॉपला जोडलं. चित्रावर टकटक. पडद्यावर आलं, ही वस्तू सापडत नाही. पुन्हा टकटक, पुन्हा तेच. सत्यजितचा चेहरा मी पाहिला आहे. औषधांच्या चाचण्या फसल्या तरी तो इतका पांढरा पडत नसेल. त्याने क्षितिजाला फोन लावला.

"पापा, आपने डेस्कटॉप वाला आइकन कॉपी किया?" पलीकडून बारीक आवाज आला. "पुराना वाला चालू करो, जल्दी! अभी रखा है ना?"

"रात्रीच पुसला गं, सकाळी शाळेत गेला," सत्यजित म्हणाला. पोरगी फोनवर हुंदके देऊन रडू लागली.

इकडे आबा चपला घालून उभे होते. "काय झालं? गाडी आली न्हाई?"

गेम नव्याने सुरू केला तर नुसतं हिरवं रान. सत्यजितने घाईघाईने एक घर रचलं. आबांनी बघितलं आणि मान हलवली. "ह्ये कुणाचं घर?"

"आबा, सांगा ना मला. मी बांधतो परत. विहीर कुठे होती?"

आबांनी पडद्यावरच्या हिरव्या रानातून बोट फिरवलं. "विहीर?" ते म्हणाले. "कंची विहीर?"

तेव्हा कळलं, किती मोठा घात झालाय ते. पोरीला सांगितलं तेव्हा सगळं आठवत होतं, आता आठवत नव्हतं. मधल्या काळात त्यांच्या डोक्यातून गाव गेलं होतं आणि फक्त त्या कॉम्प्युटरात उरलं होतं. आबांना आता ठाऊक होतं ते एवढंच, की मुक्काम जांभळेवाडी, जिल्हा सातारा, आणि तिकडे जायचंय.

मला कुणीतरी रागाने खणात फेकलं. बरोबरच आहे. पण आबांनी मला शोधून काढलं. इतर सगळं विसरणारा माणूस हे मात्र विसरला नाही, की मुलाने तळहातावर गाव ठेवलं होतं. त्यांनी मला उशीखाली ठेवलं. दिवेलागणीचा आरडाओरडा पुन्हा सुरू झाला होता, दाराला आतून कुलूप बसलं होतं, आणि प्रणिताच्या मनगटावर पुन्हा वळ दिसू लागले होते.

आज दुपारी आबा एकदम शांत झाले. प्रणिताला बरं वाटलं. मला भीती वाटली. जेवण झालं, ताट त्यांनी स्वतः उचललं. ऊन उतरायला लागलं तशी गल्लीत सब्जीवाल्याने हाक दिली, प्रणिता कुलूप काढून खाली गेली. "भैया, भिंडी ताज़ी है ना?" तिचा आवाज येत होता. आबांनी अंगातला घरचा सदरा काढला. घरच्या सगळ्या सदऱ्यांच्या खिशात प्रणिताने फोन नंबरची चिठ्ठी शिवून ठेवली आहे. पण गावी जाताना घरचा सदरा कोण घालतं? त्यांनी इस्त्रीचा पांढरा काढला. त्याच्या खिशात मला ठेवलं आणि उघड्या राहिलेल्या दारातून निघून मागच्या जिन्याने उतरले.

"बस अड्डा," त्यांनी रिक्षावाल्याला सांगितलं. त्याने आलमबागला आणून सोडलं. तिथे ते एकेका गाडीच्या काचेवरची पाटी वाचत फिरले. उन्नाव, कानपूर, रायबरेली. एका भल्या माणसाने हटकलं. "चचा, कहाँ जाइएगा?"

आबांनी सांगितलं. मुक्काम, तालुका, जिल्हा, स्पष्ट, एकही अडखळ नाही.

"अरे, महाराष्ट्र! वो तो ट्रेन से जाना पड़ेगा चचा। चलिए, मैं छोड़ देता हूँ।"

लखनौची माणसं फार अदबशीर. धक्का मारून हाकललं असतं तर आबा रडत तिथेच बसले असते आणि कुणीतरी पोलिसाला बोलावलं असतं. या देवमाणसाने त्यांना हाताला धरून चारबागला आणलं, मुंबईच्या गाडीचं तिकीट काढून दिलं, पाण्याची बाटली दिली, डब्यात खिडकीशी बसवलं. वर शेजारच्या बाईंना सांगून गेला, "बुज़ुर्ग हैं, घर जा रहे हैं, ज़रा ख़याल रखिएगा।" मी छातीशी धडपडत होतो. आबांना वाटलं, आपलंच काळीज धडधडतंय गावच्या ओढीने.

आबांनी आत्ताच मला बाहेर काढून त्या बाईंना दाखवलं. "ह्ये आमचं गाव."

"अच्छा," बाई हसून म्हणाल्या. आबांनी मला पुन्हा खिशात ठेवलं. आता गाडीने भोंगा दिलाय. तिकडे प्रणिता जानकीपुरमच्या गल्ल्यांतून अनवाणी धावत असेल.

बाई, तुम्ही तरी ऐका. नाहीतर पुढच्या स्टेशनला जो कुणी शेजारी येईल त्याने ऐकावं. मला कुठल्या कॉम्प्युटरला लावू नका, माझ्यात काही नाही. आणि हात जोडून सांगतो, यांना गाव विचारू नका. गाव ते बिनचूक सांगतात, आणि ऐकणारा हळहळून यांना आणखी लांब पाठवतो. विचारायचंच तर एवढं विचारा, आज दुपारी जेवायला कुणी वाढलं? आधी म्हणतील, आईनं. पुन्हा विचारा. चिडतील, खिडकीबाहेर बघतील, कदाचित तुमचा हात पिरगळतील. तरी पुन्हा विचारा. "सुनेनं वाढलं," असं तोंडातून निघेल कधीतरी. मग सून कुठे राहते ते विचारा, आणि उत्तर येईपर्यंत त्यांचा हात सोडू नका.